नाकातलं घड्याळ

आमच्या सोसायटीतल्या एका मुलाने नुकतीच कसलीशी पदवी घेतली. तिचं नाव सांगताना त्याला मध्ये एकदा श्वास घ्यावा लागतो. पेढे देताना त्याने ते नाव दोनदा सांगितलं, मी दोनदा 'वा, वा' म्हटलं आणि पेढा खाल्ला. शास्त्रांची अशी भरभराट चालू असताना एक शास्त्र मात्र कुठल्याच विद्यापीठात शिकवत नाहीत आणि त्याचा मला मनापासून राग आहे. शास्त्राचं नाव 'कालेंद्रियशास्त्र'. शब्दकोशात शोधू नका, नाव मीच ठेवलं आहे. काळ आणि पंचेंद्रियं यांचा आपसात काय व्यवहार चालतो, कोण कुणाचं किती देणं लागतं, याचा हिशेब ठेवणारं ते शास्त्र.

आता कुणी म्हणेल, बी.कॉम. सेकंड क्लास, बँकेतला कारकून, हा शास्त्रं कधीपासून काढायला लागला? प्रश्न रास्त आहे. पण मी उलट विचारतो, वेळेशी माझ्याइतका रोजचा संबंध आहे कुणाचा? मुदत ठेव म्हणजे काय? पैशाला वेळ लावली की व्याज धरतं. कर्ज म्हणजे तीच वेळ, पण उलट्या बाजूने आणि जरा महाग. वेळेचा असा घाऊक आणि किरकोळ व्यापार करणाऱ्या संस्थेत मी बावीस वर्षं बसलो आहे, आणि म्हणूनच अधिकाराने सांगतो की आमच्या खातेवहीतल्या वेळेला वास नाही, चव नाही, रंग नाही. तीनशे पासष्ट दिवस, सगळे एका मापाचे. १६ डिसेंबर २०१९ पासून तर एनईएफटी चोवीस तास सुरू झालं, तेव्हा पैशाला रात्रही उरली नाही. असली वेळ बँकेत ठीक आहे. ती घरात आणू नये, एवढंच माझं म्हणणं. पण लोक आणतात. आमच्या मेहुण्यांनी ती खोक्यात घालून, वर रिबन बांधून आणली.

पण आधी आईचं सांगितलं पाहिजे.

आई लालबागच्या चाळीत सून म्हणून आली तेव्हा घरात एक घड्याळ होतं. ते वडिलांचं मनगटी. ते कपाटात असे आणि लग्नकार्याला बाहेर निघे. आईला घड्याळ वाचता येत नव्हतं असं नाही, गरज पडत नव्हती. वडील गिरणीत. पहिला भोंगा झाला की स्टोव्ह पेटवायचा, दुसऱ्याला डबा भरायचा, तिसऱ्याला वडील जिना उतरलेले असायचे. सगळ्या चाळीचं आयुष्य त्या भोंग्याच्या दोरीवर वाळत घातलेलं. मग १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. मी तेव्हा रांगत होतो, त्यामुळे हे सगळं आईच्या तोंडचं आहे. ती सांगते, सकाळी बायका दारात येऊन एकमेकींना विचारायच्या, "झाला का गं?" "नाही ना झाला." पगार बंद झाल्याचं दुःख कळायला दहा तारीख उजाडावी लागली, भोंगा बंद झाल्याचं पहिल्याच सकाळी कळलं.

संप मिटेल म्हणून सगळे थांबले. आई मात्र थांबली नाही. तिने वेळेचं खातं कानातून नाकात वळतं केलं.

हे मी स्वतः पाहिलेलं आहे. खालच्या बेकरीतून पावाचा वास वर आला की ती मला उठवी. शेजारच्या काकूंची लसणाची फोडणी पडली की "अरे, दप्तर भर, उशीर झाला," असं म्हणे आणि खरोखरच झालेला असे. दुपारी ऊन कलून लाकडी जिना तापला की त्याला एक जुनाट, धुळकट वास येई. म्हणजे चहाचं आधण ठेवायचं. कुणाकडे तरी मशेरी भाजली जाई, मग धुपाचा वास. दिवेलागण झाली. वार आणि महिनेसुद्धा नाकानेच. दर गुरुवारी समोरच्यांकडे ऊद. जून-जुलैत समुद्रावरची मासेमारी बंद, तेव्हा चाळभर सुके बोंबील भाजल्याचा घमघमाट (आमच्या मजल्यावरचे एकमेव शाकाहारी जोशी त्याला दुसरा शब्द वापरत). बाजारात केवडा आला की हरतालिका. भाजणी भाजल्याचा वास आला की दिवाळी आणि आमचा सहामाहीचा निकाल. कालनिर्णय आमच्या भिंतीवर होतं, पण ते मुख्यत्वे दुधाचा हिशेब लिहायला.

पुढे मी नोकरीला लागलो, डोंबिवलीला ब्लॉक घेतला. मला वाटलं, इथे आईचं घड्याळ बंद पडणार. पंधरा दिवसांत तिने नव्या जागेचे वास लावून घेतले. लिफ्टमधून उदबत्तीचा वास आला म्हणजे दुसऱ्या मजल्यावरचे निवृत्त गृहस्थ देवळातून परतले, म्हणजे सात वाजून गेले. "तू अजून दाढी नाही केलीस?"

२०२१ च्या एप्रिलात आम्हा सगळ्यांना कोविड झाला. आईची काळजी होती, पण तिचा ऑक्सिजन एकदाही घसरला नाही. त्या दिवसांत हे केवढं भाग्य होतं ते सांगायला नको. बोटाला तो चिमटा लावून आम्ही आकडा बघायचो आणि देवाला हात जोडायचो. फक्त वास गेला. माझाही गेला होता, बायकोचाही. आमचा तीन आठवड्यांत परत आला. आईचा नाही.

मे महिन्यातली गोष्ट. दुपारी मी घरून काम करण्याचं नाटक करत बसलो होतो. आई स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली आणि म्हणाली, "किती वाजले रे?"

माझ्या चाळीस वर्षांच्या आयुष्यात आईने मला विचारलेला हा पहिला 'किती वाजले'. मी सांगितलं, साडेतीन. ती "बरं" म्हणाली आणि आत गेली. दहा मिनिटांनी परत आली. "किती वाजले?"

डॉक्टरांकडे नेलं. डॉक्टर भले गृहस्थ. त्यांनी नाकात बॅटरी मारली, कागदावर काहीतरी लिहिलं आणि म्हणाले, "आजी, जीव वाचला ना? मग नाकाचं काय घेऊन बसलात?" आईने मान हलवली. त्या वेळच्या मानाने डॉक्टरांचं काही चुकलं नव्हतं. तरी हे वाक्य माझ्या डोक्यात रुतून बसलं आहे आणि हा सगळा लेख खरं म्हणजे त्या वाक्याशी भांडण आहे.

कारण तेव्हापासून आईचं काय बिघडलं हे कुठल्याच कागदावर येत नाही. भाजी करपते, ते कळत नाही. दूध नासलेलं कळत नाही. गॅस चालू राहिल्याचं कळत नाही, ही तर सरळ जिवाशी गाठ आहे. पण याहून वाईट म्हणजे तिचा दिवस सपाट झाला. सकाळ, दुपार, संध्याकाळ यांच्यामधल्या भिंती पडल्या. चार वाजता ती विचारते, "जेवणं झाली का आपली?" शेजाऱ्यांनी लगेच निदान केलं, विसरभोळेपणा. मेंदूच्या डॉक्टरांनी तिला दहा प्रश्न विचारले, तिने दहाची बरोबर उत्तरं दिली, वर त्यांचं आडनाव ऐकून गाव कुठलं तेही विचारून घेतलं. स्मरण शाबूत, बुद्धी शाबूत. नाकात जे बिघडलं होतं त्याच्यासाठी ते मेंदू तपासत होते.

या प्रसंगी आमचे मेहुणे पुण्याहून आले. मेहुणे म्हणजे बायकोचा धाकटा भाऊ, हिंजवडीत इंजिनियर. जगातल्या प्रत्येक दुःखाला चार्जिंगची वायर जोडता येते, अशी त्याची श्रद्धा आहे. त्याने आईच्या मनगटावर एक घड्याळ चढवलं. ते वेळ सांगतं, नाडी मोजतं, किती पावलं चाललात ते सांगतं, आणि तासभर बसून राहिलं की 'उठा' म्हणून थरथरतं. आई पहिल्यांदा दचकून उठली ती थेट देवासमोर जाऊन उभी राहिली.

"काकू, आता तुम्हाला कुणाला विचारायलाच नको," मेहुणा म्हणाला.

"मला कुठे विचारायला नको होतं? आधीच नको होतं," आई म्हणाली.

मेहुण्याचं म्हणणं असं, की भावोजी, वेळ ही वेळ असते. ती नाकाने कळली काय नि आकड्याने कळली काय. इथेच मी कालेंद्रियशास्त्राची स्थापना केली, जेवणाच्या टेबलावर, आमटी गार होत असताना.

मी म्हटलं, बाबा रे, आपली भाषाच बघ. 'झुंजुमुंजू' हा काय आकडा आहे? सकाळी 'तांबडं फुटतं', ते डोळ्याला. 'कासराभर दिवस वर आला' म्हणताना शेतकऱ्याने बैलाच्या दोरीने सूर्य मोजला. लग्नाचा 'गोरज' मुहूर्त घे. गुरं परतताना उडालेली धूळ म्हणजे गोरज. ती डोळ्याला दिसते, नाकाला कळते आणि घशालाही बसते. एका मुहूर्ताला तीन इंद्रियं साक्षीदार! 'निमिष' म्हणजे पापणीची उघडझाप. आणि हे सगळं जुनं झालं म्हणत असशील तर तुझ्या स्वतःच्या घरात 'शिट्टी' हे कालमापन चालू आहे. डाळीला किती वेळ? तीन शिट्ट्या. कुणी विचारतं का, एक शिट्टी म्हणजे किती सेकंद? मोहरी तडतडेपर्यंत, कांदा गुलाबी होईपर्यंत, तेल सुटेपर्यंत, खमंग वास येईपर्यंत, ही काय अडाणी बायकांनी केलेली तात्पुरती सोय आहे? ही पद्धत घड्याळापेक्षा अचूक आहे, कारण घड्याळाला तुमचा कांदा ओला आहे की सुका हे ठाऊक नसतं.

मेहुणा म्हणाला, "मग उद्यापासून आठ बाराची फास्ट नाकाने पकडा."

हा मात्र बिनतोड मुद्दा होता. मी कबूल करतो, लोकल घड्याळानेच पकडावी लागते. परक्या माणसांशी व्यवहार करायचा तर घड्याळ लागतं. गाडीवाला, साहेब, कोर्ट, हे आपल्या फोडणीची वाट पाहात नाहीत. पण ती वेळ त्यांची. त्यांच्या वेळेला आपली वेळ म्हणून घरभर मिरवायचं कशासाठी? परक्याशी इंग्रजीत बोलावं लागतं म्हणून कुणी आईशी इंग्रजीत बोलतं का? (बोलतात. तो वेगळ्या लेखाचा विषय आहे.)

आणि हे भांडण काही मी उकरून काढलेलं नाही. ते याच मुंबईत होऊन गेलेलं आहे. १ जानेवारी १९०६ पासून सरकारने देशभर एकच प्रमाणवेळ लावली. मुंबईची स्वतःची वेळ तिच्याहून ३९ मिनिटं मागे होती, कारण मुंबईत सूर्य त्या हिशेबाने उगवत असे आणि अजूनही उगवतो. गिरण्यांची घड्याळं पुढे सरकवली, तेव्हा त्याच महिन्यात गिरणी कामगार बिथरले. आकडा तोच दिसत होता, पण घरातून निघताना अंधार जास्त होता! त्यांना शाळेत कुणी रेखांश शिकवले नव्हते. त्यांच्या डोळ्यांनी सांगितलं, ही आपली वेळ नव्हे. मुंबईत ही जुनी वेळ चिवटपणे १९५५ पर्यंत टिकून होती. जवळजवळ पन्नास वर्षं एका शहराने ३९ मिनिटांसाठी हुज्जत घातली. मला या शहराचा इतका अभिमान दुसऱ्या कशानेही वाटलेला नाही.

मेहुणा म्हणाला, हे सगळं भावनिक आहे, विज्ञान कुठे आहे? मला हेच हवं होतं. २०१७ सालचं वैद्यकाचं नोबेल जेफ्री हॉल, मायकेल रॉसबॅश आणि मायकेल यंग या तिघांना मिळालं, ते शरीराच्या आतलं घड्याळ पेशीत कसं चालतं ते फळमाशीत शोधल्याबद्दल. आपल्या डोळ्यांच्या पडद्यात काही पेशी अशा आहेत की त्यांचं मुख्य काम चित्र बघणं नव्हेच. उजेड आहे की अंधार एवढं त्या आतल्या घड्याळाला कळवतात. म्हणून दृष्टी गेलेल्या काही माणसांचंही दिवसरात्रीचं वेळापत्रक बिनचूक चालतं. त्याआधी २००४ सालचं नोबेल रिचर्ड ॲक्सेल आणि लिंडा बक यांना, वास नाकात कसा ओळखला जातो त्याबद्दल. आणि वासाची गंमत बघा. बाकीच्या इंद्रियांचे अर्ज मेंदूत मधल्या एका टेबलावर नोंद होऊन मग पुढे जातात. वासाचा अर्ज ते टेबल टाळून आत पोचतो, आणि भावना नि आठवणी ज्या केबिनमध्ये बसतात ती तिथून अगदी शेजारी! म्हणून तर एखादा वास आला की आपण आधी तीस वर्षं मागे जातो आणि 'कसला बरं हा?' हे मागाहून विचारतो. एक नोबेल घड्याळाला, एक नाकाला, आणि दोन्ही फायली दोन वेगळ्या टेबलांवर! आमच्या शाखेत असं झालं असतं तर ऑडिटरने शेरा मारला असता.

शास्त्रज्ञाने मांडलं नाही म्हणून काय झालं? लिनियस या स्वीडिश वनस्पतितज्ज्ञाने १७५१ साली कुठलं फूल किती वाजता उमलतं नि मिटतं याची जंत्री केली, फुलांचं घड्याळ म्हणून. आमच्या चाळीच्या पत्र्याच्या डब्यातली गुलबक्षी हे काम बिनपगारी करत होती. कोणता राग कुठल्या प्रहरी, हे कानाचं कालशास्त्र पंडित भातखंड्यांनी ग्रंथांतून पद्धतशीर मांडलं, आणि भातखंडे शिक्षणाने वकील. वकिलाला कानाचं शास्त्र मांडता येतं तर कारकुनाला नाकाचं का येऊ नये?

मेहुणा हसला. हसू दे. मी हसण्यावारी नेत नाही, कारण मला एक फॉर्म भरायचा होता आणि तो मला भरता आला नाही. आपल्याकडे २०१६ साली दिव्यांगांच्या हक्कांचा कायदा झाला. चांगला कायदा आहे. त्यात अपंगत्वाचे एकवीस प्रकार दिले आहेत. मी कारकुनी सवयीप्रमाणे बोट ठेवून एकेक वाचला. दृष्टी आहे, श्रवण आहे, वाचा आहे. नाक नाही. मला सवलत नको होती, रेल्वेचा पास नको होता. आईचं काहीतरी हरवलं आहे, अशी एक नोंद कुठेतरी व्हावी, एवढंच. आमच्या काऊंटरवर दर नोव्हेंबरात पेन्शनर हयातीचा दाखला द्यायला येतात. यंत्रावर बोट टेकवायचं, ठसा जुळला की माणूस हयात. झिजलेल्या बोटांच्या म्हाताऱ्या पाच-पाच वेळा बोट पुसून टेकवतात आणि मी म्हणतो, "आजी, जरा दाबून." जिवंतपणाचा पुरावा म्हणून बोट चालतं, डोळ्याची बाहुली चालते. नाक कुणीच मागत नाही.

म्हणून मला विद्यापीठात कालेंद्रियशास्त्राचं एक खातं पाहिजे. मोठं नको. एक खोली, एक प्राध्यापक, एक शिपाई. पहिल्या वर्षी फोडणी, भोंगा आणि ऊन. दुसऱ्या वर्षी प्रात्यक्षिक, म्हणजे विद्यार्थ्याचे डोळे बांधून त्याला चाळीच्या गॅलरीत उभं करायचं आणि विचारायचं, किती वाजले? प्रबंधांना विषय भरपूर आहेत. काऊंटरच्या अलीकडची पाच मिनिटं आणि पलीकडची पाच मिनिटं, एवढ्यावर मीच डॉक्टरेट करीन. आणि या खात्याने पहिलं काम करायचं ते असं, की 'नाकाचं काय घेऊन बसलात' म्हणणाऱ्याला समोर बसवून माझ्या आईची एक दुपार दाखवायची. फुकट.

हे खातं निघेपर्यंत आम्ही घरीच प्रयोग चालवला आहे. दुसऱ्या एका डॉक्टरीणबाईंनी सांगितला तो. चार बाटल्या आहेत, त्यांत गुलाब, लिंबू, लवंग, निलगिरी. सकाळ-संध्याकाळ एकेक बाटली नाकाशी धरायची आणि तो वास आठवायचा प्रयत्न करायचा. काहींना फरक पडतो, काहींना नाही, हे त्यांनी आधीच सांगितलं. बाई खऱ्या बोलल्या म्हणून आईला आवडल्या. आई रोज देवपूजेसारखी ती बाटल्यांची पूजा करते. सुरुवातीला आम्ही उत्साहाने विचारायचो, "आलं काही?" मग विचारणं सोडलं. निकाल बघायला रोज बोर्डाकडे जाणाऱ्या नापास मुलासारखं व्हायला लागलं ते.

मेहुण्याचं घड्याळ आता आईच्या हातात नाही. ते माझा मुलगा वापरतो. बसून राहिलं की थरथरतं, पण मुलाला त्याचा काही उपयोग होत नाही.

परवा रविवारी मी पहाटे पाणी प्यायला उठलो. आई स्वयंपाकघरात दिवा न लावता ओट्याशी उभी होती. हातात एक बाटली. मला वाटलं, हिला रात्र-दिवस कळत नाही, म्हणून मध्यरात्रीच सुरू झाली. मी हळूच म्हटलं, "आई, अजून वेळ आहे, झोप."

"थांब रे," ती म्हणाली. बाटली पुन्हा नाकाशी नेली. मग खिडकीकडे तोंड करून उभी राहिली. बाटलीचं झाकण तर तिने लावलेलं होतं.

"वास येतोय?"

"येतोय."

"कसला?"

तिने बराच वेळ विचार केला. खाली कुठे तरी शटर वर गेल्याचा आवाज झाला.

"ते नाही कळत," ती म्हणाली. "पण सकाळचा आहे."